काळ वाकवणारी जमात रचायची कशी

मी कोल्हापुरात माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवते, आणि रविवारी सकाळी रंकाळ्याच्या काठावर आमचा लिहिणाऱ्या पोरापोरींचा कट्टा भरतो. तिथं येणाऱ्या वह्यांमध्ये काळाशी खेळणारी एखादी जमात हमखास असते. बहुतेक वेळा ती जमात चुटकी वाजवते, सगळं जग जागच्या जागी थांबतं, ती आरामात फिरून येते आणि पुन्हा चुटकी वाजवते. दुसऱ्या पानावर गोष्ट संपते, कारण अशा जमातीला कशाचीच अडचण नाही. अडचण नाही म्हटल्यावर तिला शेजारी लागत नाहीत, कायदे लागत नाहीत, सणवार लागत नाहीत. ती विचार करणारी जमात आहे असं लेखक सांगतो, पण तिनं विचार करावा असं काही समोर येतच नाही.

म्हणून मी पोरांना सांगते, शक्ती कुठं चालते हे नंतर ठरवा. ती कुठं चालत नाही ते आधी शोधा. जमातीचं सगळं जगणं त्या जागेभोवती गोळा होतं. हे कसं करायचं ते माझ्या एका जमातीवरून दाखवते. त्यांचं नाव ‘डोही’. तुम्ही तुमची जमात वेगळी करा, रीत घ्या.

आधी जागा, मग जीव

परग्रहापासून सुरुवात करायची गरज नाही. ज्या जागेत तुम्ही पावसाळ्यात आणि उन्हाळ्यात दोन्ही वेळा उभे राहिला आहात, ती घ्या. मी पंचगंगा घेतली. कासारी, कुंभी, तुळशी आणि भोगावती यांचं पाणी प्रयाग चिखलीच्या संगमापाशी एकत्र येतं, पाचवी सरस्वती गुप्त मानतात. नदीला जिथं खोल डोह आहेत तिथं माझे डोही राहतात. वासराएवढं अंग, नारंगी-तपकिरी कातडी, हाताच्या बोटांत पडदे, आणि तोंडाभोवती शिंगाळ्याला असतात तशा लांब मिशा. मिशा का, ते पुढं कळेल. अंगावरची एकही गोष्ट नुसती शोभेची ठेवू नका.

त्यांची शक्ती इतकीच, की स्वतःच्या अंगाभोवती हातभर अंतरापर्यंतचा काळ ते किंचित मंद किंवा किंचित जलद करू शकतात. या हातभर जागेला मी ‘घेर’ म्हणते. घेराबाहेरचं जग आपल्या गतीनं चालतं.

काळाची गती जागेनुसार बदलते ही कल्पना हवेतली नाही. १९७१ साली हाफेले आणि कीटिंग या दोघांनी अणुघड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली आणि जमिनीवरच्या घड्याळांशी ताडून पाहिली. फरक सापडला, आणि तो आइन्स्टाइनच्या गणिताला धरून होता. तुमच्या फोनला रस्ता दाखवणारे उपग्रह सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवर फिरतात. त्यांची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला साधारण ३८ मायक्रोसेकंद पुढं जातात. तेवढी दुरुस्ती केली नाही तर जोतिबाला निघालेल्या माणसाला फोन भलतीकडंच पोचवेल. म्हणजे निसर्ग हे करतोच. आपण गोष्टीत त्याचं प्रमाण वाढवतो, एवढंच.

मागं फिरवायची मुभा देऊ नका

यावर कट्ट्यावर वाद होतो, आणि व्हावाच. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. दुसऱ्या दिवशी, ९ तारखेला, केशवरावांची जयंती होती. शाहू महाराजांच्या काळात उभी राहिलेली ती वास्तू जळताना बघायला माणसं रस्त्यावर उभी होती आणि रडत होती. त्यानंतर एका मुलानं लिहिलं, की त्याच्या जमातीनं ती रात्र उलटी फिरवली आणि नाट्यगृह जसंच्या तसं उभं राहिलं. त्याची तळमळ मला पोचली. मलाही तसंच वाटत होतं. पण मी त्याला विचारलं, त्या रात्री रडलेल्या माणसांचं काय झालं? तुझ्या गोष्टीत ती रडलीच नाहीत. त्यांचं नाट्यगृहावर किती प्रेम होतं हे ज्या रात्री दिसलं, तीच रात्र तू पुसलीस.

भौतिकशास्त्राचीही या बाबतीत साथ नाही. जळालेलं लाकूड पुन्हा लाकूड करायचं तर धुराचा कण न् कण आणि हवेत पसरलेली सगळी उष्णता नेमक्या वाटेनं परत आणावी लागेल. सैद्धांतिक वाटा लोकांनी शोधल्या आहेत. कुर्ट ग्योडेल यांनी १९४९ मध्ये आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून असं एक फिरतं विश्व काढून दाखवलं, ज्यात भूतकाळात पोचणारा मार्ग निघतो. आपलं विश्व तसं फिरताना दिसत नाही. गोष्टीपुरतं ठरवून टाका: गती बदलेल, दिशा बदलणार नाही. मेलेला परत येणार नाही. एवढं एक बंधन घातलं की तुमच्या जमातीला दुःख कळायला लागतं.

उष्णतेचा हिशोब

इथं सगळ्यात जास्त वेळ घाला. माझ्या मते जमात इथंच घडते.

समजा डोहीनं स्वतःचा काळ दहापट मंद केला. त्याचा एक सेकंद होईस्तोवर बाहेर दहा सेकंद होतात. बाहेरचं दहा सेकंदांचं ऊन त्याच्या एका सेकंदात अंगावर येतं. शिवाय येणाऱ्या प्रत्येक लहरीची कंप्रता, म्हणजे सेकंदाला होणारी कंपनं, त्याच्या दृष्टीनं दहापट होते, म्हणजे प्रत्येक प्रकाशकणाची ऊर्जाही दहापट. दहा गुणिले दहा, ऊन शंभरपट.

सावलीत बसला तरी सुटका नाही. सगळ्याच वस्तू आपापल्या तापमानानुसार किरण सोडत असतात, थंड पाणीसुद्धा. त्या किरणांच्या सगळ्या कंप्रता एका पटीनं वाढवल्या, तर ते तितक्याच पटीनं जास्त तापलेल्या वस्तूचे किरण होतात. मात्र तापमान केल्विनमध्ये मोजायचं, म्हणजे सेल्सिअसमध्ये २७३ मिळवायचे. २७ अंशाचं पाणी म्हणजे ३०० केल्विन. दहापट केलं की ३,०००. साध्या पिवळ्या बल्बमधली तार जवळजवळ एवढीच तापते. म्हणजे दहापट मंद झालेल्या डोहीला चहूबाजूंनी बल्बच्या तारेनं वेढल्यासारखं होईल आणि तो जागच्या जागी जळून जाईल.

मग दहापट सोडा, नुसते दहा टक्के घ्या. ३०० चे ३३० केल्विन, म्हणजे ५७ अंश. तेही सोसणार नाही. तीन टक्के घेतले तर ३०९, म्हणजे ३६ अंश. हे चालेल. उलट बाजूनं, जलद झालं की बाहेरून येणारी उष्णता त्याच प्रमाणात कमी पडते आणि अंग गारठतं.

हा आकडा हाती आला आणि माझी जमात मला दिसायला लागली. तीन टक्के म्हणजे तासाला दोन मिनिटांच्या आत-बाहेर. एवढीशी शक्ती. पण तिला ऋतू आले! हिवाळ्यात पाणी २० अंशांवर असेल तेव्हा डोही तीन टक्के मंद होतात, आणि त्यांना ते २९ अंशांसारखं उबदार लागतं. उन्हाळ्यात पाणी ३० अंशांवर गेलं की तीन टक्के जलद होतात आणि २१ अंशांचा गारवा मिळवतात. हिवाळ्याच्या तीन महिन्यांत ते जगापेक्षा पावणेतीन दिवस कमी जगतात, उन्हाळ्याच्या तीन महिन्यांत तेवढेच जास्त. वर्षाचा हिशोब शून्यावर येतो. रीतीनं वागणारा डोही नदीच्याच वयाचा राहतो.

यातून लगेच ताण निघाला. जलद जगायचं म्हणजे भूक वाढते, प्राणवायूही जास्त लागतो. आणि तापलेल्या पाण्यात प्राणवायू कमी विरघळतो. ज्या महिन्यांत डोहींना गारव्यासाठी जलद व्हावं लागतं, त्याच महिन्यांत पाण्यात श्वास कमी असतो. पंचगंगेत उन्हाळ्यात मेलेले मासे तरंगल्याच्या बातम्या आपण वाचतो. त्या पाण्यात राहणाऱ्या जमातीला तिसरा पर्यायच नाही: मंद झालं तर भाजायचं, जलद झालं तर गुदमरायचं. नदीची ही दशा मला आत कुठंतरी लागते, म्हणून ती गोष्टीत आली. तुम्हाला जे लागतं ते येऊ द्या.

आणखी एक सूट मी ठेवली. दिव्याच्या ज्योतीतून बोट झरकन फिरवलं तर भाजत नाही, कारण उष्णतेला आत शिरायला वेळ मिळत नाही. तसंच डोही डोळ्याचं पातं लवेपर्यंत दहापट जलद होऊ शकतो. जाळं अंगावर पडताना तेवढं पुरतं. त्याहून जास्त टिकवलं तर कातडी गोठते.

दिसतं काय, ऐकू येतं काय

दहापट जलद झाल्यावर बाहेरचा प्रकाश त्याला दहापट लांब लहरींचा होऊन पोचतो. ५०० नॅनोमीटरचा हिरवा प्रकाश ५,००० नॅनोमीटरचा होतो, म्हणजे अवरक्त. डोळ्यांना काही दिसत नाही. त्या झेपेच्या क्षणी डोही आंधळा असतो. म्हणून मिशा. आवाजही खाली उतरतो. हजार कंपनांची शिट्टी शंभर कंपनांचा घुमार होते.

आता बाहेरून बघणाऱ्याला तो कसा दिसेल? बरेच जण लिहितात, की जलद झालेला जीव निळा चमकतो. थांबा. आपल्याला दिसतो तो त्याच्यावर पडून परत फिरलेला प्रकाश. आत जाताना लहर लांबते, बाहेर येताना तेवढीच आखडते, बेरीज शून्य. पांढरी वस्तू पांढरीच दिसणार. बदलतं ते हे, की त्याची कातडी बाहेरचा कोणता प्रकाश परतवते. नारंगी कातडी स्वतःच्या काळात ६०० नॅनोमीटरचा प्रकाश परतवत असेल, तर तीन टक्के जलद असताना बाहेरून ती ५८२ च्या आसपासचा परतवताना दिसेल, म्हणजे पिवळट. मंद असताना ६१८, म्हणजे तांबूस.

नऊवारीच्या काठाएवढा फरक, पण शेजाऱ्याला दिसतो. म्हणजे डोहींच्यात कोण कोणत्या गतीनं जगतोय हे लपत नाही. हिवाळ्यात एखादी पिवळट दिसली की बायका आपसात बघतात. अशी लाज, अशी कुजबुज तुमच्या जमातीत यायला हवी, आणि ती आकड्यांतून आली तर खरी वाटते.

शक्ती कुठं संपते

डोहींचा घेर पाण्याला धरून असतो. वाहत्या पाण्यात तो टिकत नाही, कारण घेरातलं पाणी सारखं निघून जातं आणि नवं येतं. डोहाचं पाणी संथ आहे तोवर ठीक. पूर आला की घेर मोडतो.

कोल्हापुरात पावसाळ्यात लोक एकमेकांना विचारतात, “पाणी किती फुटांवर?” राजाराम बंधाऱ्यावर ३९ फुटांना इशारा पातळी, ४३ ला धोका पातळी. २०१९ आणि २०२१ ज्यांनी पाहिलं आहे त्यांना हे आकडे झोपेतही आठवतात. राधानगरीचे स्वयंचलित दरवाजे उघडले की इकडं पाणी चढायच्या आधी घराघरात सामान वरच्या मजल्यावर जायला लागतं. माझ्या डोहींनाही हेच आकडे लागू आहेत. पाणी ३९ फुटांच्या वर गेलं की कुणाचीच शक्ती चालत नाही. सगळे एकाच काळात जगतात, मिशीला मिशी लावून, दगडांना धरून.

म्हणून त्यांची बैठक पुरात भरते. लग्नं पुरात ठरतात, तंटे पुरात मिटतात, कारण त्या दिवसांत कुणी कुणाला काळात फसवू शकत नाही. वयही ते पुरांनी मोजतात. “किती पूर बघितलेस?” असं विचारतात. ज्या वर्षी पाणी ३९ फुटांवर चढत नाही त्या वर्षी कुणाचं वय वाढत नाही, कुणाचं लग्न होत नाही, आणि भांडणं पुढच्या वर्षावर जातात. अशी दोन-तीन वर्षं लागोपाठ आली की गावात किती कडवटपणा साठेल, बघा विचार करून.

वाट बघण्याची जागा आपल्याकडं आणखीही आहे. अंबाबाईच्या देवळात ९, १० आणि ११ नोव्हेंबरला, तसंच ३१ जानेवारी, १ आणि २ फेब्रुवारीला मावळतीची किरणं आधी पायांवर, मग छातीपर्यंत, मग मुखावर पोचतात. क्षितिजावर ढग आला किंवा धुरकं असलं की किरणं वाटेतच विरतात आणि गाभाऱ्याकडं डोळे लावून बसलेली माणसं वर्तमानपत्रात वाचतात, की किरणं कमरेपर्यंतच आली. तुमची जमात कितीही शक्तिमान असो, तिच्यासाठी असा एक सूर्यास्त ठेवा, जो तिच्या हातात नाही.

नाती आणि मान

दोन भाऊ घ्या. थोरला वर्षानुवर्षं नको तेव्हा मंद होत राहिला, धाकटा पोटासाठी नको तेव्हा जलद झाला. थोरला आधी जन्मला, पण धाकटा जास्त जगला. नमस्कार कुणी कुणाला करायचा? माझ्या डोहींच्यात पुरांचाच हिशोब धरतात, म्हणून थोरला तो थोरलाच. पण धाकट्याचे गुडघे आधी जातात, आणि जेवायला बसताना थोरला त्याला आधी वाढतो. हे नियमात नाही, घरातल्या वळणात आहे. अशी वळणं दोन-तीन लिहा, त्याहून जास्त नकोत.

गुन्हा कोणता, तेही इथंच ठरतं. घेर हातभर असल्यामुळं जवळ झोपलेल्या पोराला आई आपल्या घेरात घेऊ शकते. म्हणजे दुसऱ्याला त्याच्या नकळत जलद करून त्याचं आयुष्य झिजवताही येतं. डोहींच्यात याहून मोठं पाप नाही.

माणसांशी गाठ

माणूस आणि जमात भेटवायची असेल तर नेमक्या क्षणावर जगणारा माणूस शोधा. माझ्या माहेरी भोगावतीकाठी गुऱ्हाळ आहे. काईलीतला रस उकळतो, भेंडीचं पाणी घालून मळी काढतात, रस दाटत जातो, आणि गुळव्या थाळीतल्या पाण्यात थेंबभर काकवी टाकून दोन बोटांत तिची गोळी दाबून बघतो. गोळी सैल असेल तर अजून थांबायचं. क्षणभर उशीर झाला तर गूळ काळा पडतो, ढेपेचा भाव पडतो. आमचे तात्या त्या वेळी कुणाशी बोलत नाहीत, चुलवणात चिपाडं सारणाऱ्याला नुसत्या बोटानं थांब म्हणतात.

माझ्या गोष्टीत एक तरुण डोही थंडीच्या रात्री उजेडाच्या ओढीनं गुऱ्हाळापर्यंत येतो. हिवाळा आहे, रीतीप्रमाणं त्यानं मंद असायला हवं. पण चुलवणाजवळ मंद राहिला तर भाजेल, म्हणून तो ओल्या चिखलात अंग पुरून जलद होतो. रोज रात्री येतो, तात्यांच्या बोटांकडं बघत बसतो. पाण्याच्या बाहेर, आगीच्या शेजारी, स्वतःच्या आयुष्यातले तास देऊन. त्याचा वर्षाचा हिशोब चुकतो, कातडी पिवळट पडते, आणि पावसाळ्यात पाणी चढलं की बैठकीत त्याला विचारलं जाणार आहे. हे कथानक मी वरून आणलेलं नाही. तीन टक्के, ऋतू, रंग आणि पूर हे नियम शेजारी शेजारी ठेवले, त्यातूनच ते निघालं.

लिहायला बसताना

नियमांचा कागद वेगळा ठेवा. गोष्टीत केल्विन हा शब्दसुद्धा येता कामा नये. वाचणाऱ्याला ऊब आणि गारठा कळला की पुरे. पहिल्या दोन पानांत शक्ती वापरूच नका, डोही जेवताना, भांडताना, पोराच्या मिशा साफ करताना दाखवा. आणि शेवट कसा होणार हे माहीत नसेल तर बैठकीचा प्रसंग आधी लिहून काढा. त्याला काय विचारतील, कोण त्याच्या बाजूनं बोलेल, थोरला भाऊ मान खाली घालेल की नाही, हे एकदा कागदावर आलं की हिवाळ्यातल्या रात्री मागाहून सहज लिहिता येतात.

खर्डा झाला की रविवारी घेऊन या. हिशोबाचा कागदही आणा, तो मी आधी बघते.